चांदीची सळई

१६ डिसेंबर १९३४, नाशिक

पोचले एकदाची! नाशिक रोडच्या स्टेशनापासून इथवर टांगेवाल्यानं हाडं पार खिळखिळी केली, पण घर पाहिलं आणि सगळा शीण पळाला. गावाबाहेर, गंगापूरच्या रस्त्याला, माळ्यांच्या मळ्यांत ही बैठी बंगली आहे. पुढच्या दोन खोल्यांत ह्यांचा डोळ्यांचा दवाखाना, मागच्या बाजूला आम्ही. स्वयंपाकघराची खिडकी उघडली की गुलाबाचे वाफे, पलीकडे मेथी-कोथिंबीर, त्याच्याही पलीकडे पेरूची झाडं. पुण्याला आमची खिडकी उघडली की शेजाऱ्यांची मोरी दिसायची. त्या मानानं मी महाराणीच झाले म्हणायची.

इथे नदीला कुणी गोदावरी म्हणत नाही, सगळे गंगा म्हणतात. त्यामुळे गोदावरी नावाची मी एकटीच. हे टांग्यात म्हणाले की गावाला आता दोन नद्या झाल्या, एक वाहणारी आणि एक बोलणारी. पहिल्याच दिवशी टोमणा! मीही सुनावलं की बोलणारीला पूर आला तर पळायला जागा मिळायची नाही.

चोविसाव्या वर्षी लग्न म्हणजे घोडनवरीच, त्यातून दुसरेपणावर दिलेली. निघताना आत्या गळ्यात पडून रडली. मी मुळीच रडले नाही. मुलींच्या शाळेत इतकी वर्षं दुसऱ्यांची मुलं सांभाळली, आता एक माझं आयतं मिळालंय. खंडू नऊ महिन्यांचा आहे. सावळा, मांड्यांना वळ्या, आणि नजर कशी जमाखर्च तपासणाऱ्या कारकुनाची. मी दोन्ही हात पुढे केले तर आधी माझं तोंड नीट निरखलं, मग स्वारी आली ती थेट खांद्यावर. त्याचा डावा डोळा तेवढा सारखा पाण्यानं भरलेला असतो. बाकी पोर लाखात एक. त्यानं मला आई म्हणावं, एवढंच मला या घरात मिळवायचं आहे.

२१ डिसेंबर

खंडूच्या डोळ्याचं काम ह्यांनी माझ्यावर सोपवलं. आधी तासभर शिकवणी झाली. डोळ्याच्या नाकाकडच्या कोपऱ्यात, पापण्यांच्या कडेला, सुईच्या टोकाएवढी भोकं असतात. डोळ्यातलं पाणी तिथून आत शिरतं, नाकालगतच्या इवल्या पिशवीत जमतं आणि पुढे नळीनं नाकात उतरतं. म्हणून तर रडताना नाक गळतं आणि घसा खारट होतो. काही मुलांच्या नळीच्या खालच्या तोंडाशी एक पातळ पडदा असतो, तो जन्मताना सुटायचा राहून जातो. मग पाण्याला आत जायला वाट नाही. ते गालावर येतं, आणि पिशवीत जे साचतं त्याची चिकट घाण होते.

उपाय साधा आहे. नख कापलेलं बोट डोळ्याच्या कोपऱ्यात टेकवायचं, दाबायचं, आणि दाब न सोडता नाकाच्या कडेनं खाली ओढायचं. दिवसातून चार-पाच वेळा. मग बोरिकच्या पाण्यानं डोळा पुसायचा. बहुतेक मुलांचा पडदा वर्षाच्या आत आपोआप सुटतो. नाहीच सुटला तर चांदीची बारीक सळई घालून उघडावा लागतो. मला ते ऐकूनच शहारा आला. मी ह्यांना म्हटलं, माझ्या बोटानं भल्याभल्या पोरींचे कान वठणीवर आणलेत, पडद्याचं काय घेऊन बसलात.

माझ्या गळ्यात मंगळसूत्राबरोबर एक चांदीचा टाक आहे, तो खंडू धरून ओढतो. टाकावर बाईचं तोंड आहे, जोंधळ्याएवढे डोळे, मोठं कुंकू. ती मैना, खंडूची आई. सटाण्याला, ह्यांच्या गावी, लग्नाच्या दिवशीच सासूबाईंनी तो घातला. दुसरेपणाच्या बायकोनं सवतीचा टाक बाळगायचा, नवं लुगडं आधी तिला दाखवायचं, जेवायच्या आधी तिच्यापुढे वाटीभर पाणी ठेवायचं. ह्यांना हे थोतांड वाटतं. मला वाटतं, वाटीभर पाण्यानं कुणाचं काय बिघडतं?

३ जानेवारी १९३५

हल्ली सकाळी दवाखान्यात ह्यांच्या हाताखाली उभी राहते. आज देवळाली कॅम्पातल्या एका सुभेदाराची बायको तान्ही मुलगी घेऊन आली, दुखणं खंडूचंच. सारखं पाणी वाहून पोरीचा गाल सोलल्यासारखा लाल झाला होता. मग ठमाबाई नावाची एक म्हातारी. तिच्या नाकाच्या बाजूला बोराएवढी पुवाची गाठ. ह्यांनी सांगितलं की मोठ्या माणसाची नळी जुन्या सुजेनं बंद होते, तिथे नुसत्या चोळण्यानं भागत नाही. शेक द्यायचा, पिचकारीनं धुवायची, सळयांनी मोकळी करून पाहायची. तेवढ्यानंही भागलं नाही तर पिशवीच काढून टाकायची. मग तो डोळा जन्मभर वाहतो, पण पू तरी थांबतो.

दुपारी एक गोष्ट ध्यानात आली. खंडूचा डोळा इतका वाहतो, पण त्याचा गाल कधीच सोललेला नसतो. गालावर ओघळही राहत नाही. डोळा काठोकाठ भरलेला आणि गाल कोरडा, मऊ. उशी बघितली, तीही कोरडी. ह्यांना विचारलं तर म्हणाले की त्यांनाही ते कोडंच आहे, कातडी चांगली असेल. डॉक्टरांना कळेनासं झालं की सगळं कातडीवर ढकलतात.

१५ जानेवारी

संक्रांतीचं हळदीकुंकू झालं. मळ्यातल्या झाडून साऱ्या बायका आल्या. काळं लुगडं आधी टाकाला दाखवलं आणि मग नेसले, बायका खूश. गोजराबाईंची सून वळणाची आहे म्हणाल्या. गोजराबाई म्हणजे माझ्या सासूबाई. त्यांचा इथे दरारा दिसतो.

रंगूबाईशी आता गट्टी जमली आहे. शेजारच्या मळ्यातली, फुलं घेऊन रोज पंचवटीला जाते. खंडूला तिनंच आपल्या अंगावर पाजून वाढवलं. मी डोळा चोळायला बसले की मात्र तिचं तोंड उतरतं. आज म्हणाली, “डाक्तरीणबाई, वाहू द्या की तो डोळा. लेकराला काय दुखत नाय त्याचं.” मी म्हटलं, पू झाला म्हणजे दुखेल.

टाकापुढची वाटी दुपारपर्यंत रिकामी होते. नाशिकची हवा कोरडी, त्यात पाली फार.

९ फेब्रुवारी

आज फार रडले. मोरीत जाऊन, कुणी पाहू नये म्हणून.

रंगूबाईला मी सरळच विचारलं की मैना कशानं गेली. ती आधी नको म्हणत होती, मग बोलत सुटली. मैनेला बाळंतपणानंतर ताप भरला. हे परीक्षेला मुंबईला गेले होते. सासूबाई आलेल्या. बाळंतिणीला गार पाणी म्हणजे विष, हा त्यांचा नेम. शेपा-ओवा घालून उकळलेलं पाणी चमच्यानं द्यायचं, तेही ओठ ओले होण्यापुरतं. इकडे मैनेचं अंग तापानं फणफणलेलं. सगळा दिवस पाणी पाणी करायची. रंगूबाई खिडकीतून तांब्या देत होती, तर सासूबाईंनी खिडकी लावून घेतली. त्यांच्या पोटात पाप नव्हतं, त्यांनी स्वतःची सगळी बाळंतपणं अशीच काढली होती. शेवटच्या दुपारी खंडू मैनेच्या कुशीत होता. त्याचा डावा डोळा पाणावलेला. आणि ती त्या डोळ्यावर जीभ—

रंगूबाई तिथे थांबली. मग म्हणाली, “लय तहान घेऊन गेली बाई. तवापासून वाहतो तो. ती पिऊन जाती. वाहतोय तवर ती बाहेर हाय.”

भुताखेतांवर माझा विश्वास नाही. तहानेवर आहे. कपाटात मैनेची पाटी सापडली. हे तिला अक्षर शिकवू पाहत होते, पण ‘म’च्या पुढे गाडी गेलीच नाही म्हणे. तो वेडावाकडा ‘म’ अजून पाटीवर आहे. ह्यांच्यापुढे मी मैनेचं नाव काढत नाही. त्यांचा चेहराच सांगतो की ते दुखणं अजून ओलं आहे. आजपासून वाटीऐवजी टाकापुढे फुलपात्र ठेवते.

११ मार्च

खंडूला वर्ष झालं. पाय धरून उभा राहतो, ताटं बडवतो, पण बोलत नाही. मी दिवसभर “आई म्हण, आई म्हण” करून कंटाळत नाही, तो हसून कंटाळत नाही. डोळा मात्र होता तसाच. कोपऱ्यात सूज दिसू लागली, दाबलं की पिवळा पू येतो. आता सळईला पर्याय नाही असं हे म्हणाले.

अडचण अशी की लहान मुलांची सगळ्यांत बारीक सळई मागच्या महिन्यात एका पोरानं हिसडा दिला तेव्हा वाकून मोडली. विलायतेहून यायची म्हणजे पावसाळा उजाडेल. जुन्या गावातले बद्रुद्दीनभाई चांदीची तार केसासारखी ओढतात, त्यांच्याकडून करून घेऊ असं ठरलं. चांदी तेवढी चोख हवी.

मी गळ्यातला टाक काढून ह्यांच्या हातावर ठेवला. म्हटलं, आईचं दूध पोराला मिळालं नाही, आईची चांदी तरी त्याच्या कामी येऊ दे. ह्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. मला फार बरं वाटलं. खरं लिहायचं तर गळा मोकळा झाला म्हणूनही बरं वाटलं.

१६ मार्च

सळई आली. आम्ही दोघं जाऊन घेऊन आलो. बद्रुद्दीनभाईंनी टाक वितळवण्याआधी दोनदा निरोप पाठवून विचारलं होतं की यात सूरत आहे, नक्की मोडायचा ना. मी हो म्हणून कळवलं होतं. काम मात्र नामी केलंय, टोक गोल, गुळगुळीत. म्हणाले, “बाई, ये चांदी बहुत पानी पीती है.” तार तापवून पाण्यात विझवली की कुंडी खाली व्हायची, पुन्हापुन्हा भरावी लागली. कारागिरांना आपल्या कामाचं कौतुक कुठल्या तरी वाटेनं करायचंच असतं.

१८ मार्च

झालं. खंडूला पंच्यात घट्ट गुंडाळलं, डोकं मी धरलं. ह्यांनी सळई पापणीच्या भोकातून आत घातली, नाकाच्या हाडाला टेकवली, मग उभी करून हलकेच खाली नेली. माझ्या बोटांना कट् असं जाणवलं. पडदा फुटला. पिचकारीनं रंगीत पाणी सोडलं तर नाकातून आलं, म्हणजे वाट मोकळी.

खंडू किंचाळला आणि एकदम थांबला. मान वळवून त्यानं सळईकडे बघितलं. कौतुक वाटलं.

२० मार्च

डोळा कोरडा! पू नाही, पाणी नाही, सूज नाही. आज होळी. पुरणपोळीचा घाट घातला, बायकांना बोलावलं, खंडूला मिरवलं. रंगूबाई आली नाही. तिच्या घरी पोळी पाठवली तर ती गाईला घातली म्हणे. पाण्याचं फुलपात्र आता ठेवत नाही, टाकच नाही तर ठेवू कुणापुढे?

२९ मार्च

खंडू पडला, कपाळाला टेंगूळ आलं. खूप रडला. डोळ्यांतून टिपूस नाही. दोन्ही डोळ्यांतून नाही. ह्यांना दाखवलं. डोळे लखलखीत आहेत, काही दोष नाही म्हणाले.

४ एप्रिल

पाडवा. गुढीला घातलेली साखरेची माळ खंडूला दिली, त्यानं टाकून दिली. त्याला पाणीच हवं. दूध, पेज काही नको, पाणी. तांब्या दिसला की झेपावतो. पितो आणि पितो, आणि दुपटं कोरडं. ओठांना भेगा. मांड्यांच्या वळ्या गेल्या.

उन्हाळा बाधला असेल. सब्जा भिजवून देते.

१० एप्रिल

आज भर दुपारी खंडू दिसेना. मोरीत सापडला. ओल्या दगडावर पालथा पडून दगड चाटत होता. मी उचललं तर माझ्या गळ्यावरचा घाम चाटू लागला. हावऱ्यासारखा नाही. हळू, पुरवून पुरवून, शहाण्या माणसासारखा.

मी त्याला खाली ठेवलं. माझ्या लेकराला मी खाली ठेवलं.

१५ एप्रिल

ह्यांनी मिठाचं पाणी मांडीच्या कातडीखाली सुईनं सोडलं. लिंबाएवढा फुगवटा आला, आणि आम्ही बघत असतानाच विरला. असा विरायला दिवस लागतो म्हणाले. पुन्हा सोडलं, पुन्हा विरला. हे भिंतीकडे तोंड करून उभे राहिले.

मला रडू कोसळलं. तशी खंडूनं माझ्या गालाला धरून तोंड जवळ ओढलं आणि माझ्या डोळ्यावर जीभ ठेवली.

रडू थांबेपर्यंत काढली नाही. मग शांत झोपला. ओठ ओले होते.

१८ एप्रिल

रंगूबाईकडे गेले, पाय धरले. तिनं काय केलंत ते विचारलं, मी टाकाचं सांगितलं. ती म्हणाली की इतके दिवस ती दारात बसून पीत होती, तुम्ही तिच्याच चांदीनं तिला दार उघडून दिलंत. आता आतून पिते. आई आहे, लेकराचं वाईट तिला करायचं नाही, पण तहानेला डोळे नसतात.

मी हसायला हवं होतं. मला हसू आलं नाही.

२५ एप्रिल

रोज मी रडते. मुद्दाम. माझ्या गेलेल्या आईची आठवण काढते, नाहीतर कांदा चिरते. खंडू येऊन पितो. तेवढ्यावर जगतोय. माझा डावा डोळा आता आपोआपच वाहतो, कोपऱ्यात सूज आहे. ह्यांनी बघितलं आणि म्हणाले की तुझीही नळी बंद झाली, सळई घालून बघू. मी नको म्हटलं. वाहू दे. जेवढा वाहील तेवढा वाहू दे.

पण पुरत नाही. पोर हाडांवर आलं. हे रात्रंदिवस पुस्तकं उलथतात. जेवत नाहीत.

५ मे, आखाजी

अक्षय तृतीयेला सटाण्याकडे आखाजी म्हणतात. मेलेल्यांच्या नावानं घागर भरायची. माहेरवाशिणी घरी येतात. रंगूबाई म्हणाली, घागर भरा, नावानं हाक मारा, बाहेर येईल. मला वाटलं हे चिडतील. ते उठले आणि स्वतः गंगेवरून घागर भरून आणली, खांद्यावर. ओसरीत ठेवली. मग आपल्या जुन्या बोलीत काहीतरी म्हणाले. मला एवढंच कळलं— “मैना, मनी चूक शे.” चूक माझी आहे, असं. आणि लहान मुलासारखे रडले.

संध्याकाळपर्यंत घागर काठोकाठ भरलेली. थेंब कमी नाही.

ती खंडूला सोडून नाही यायची. घागरीला का मूल उचलून घेता येतं?

७ मे

खंडूनं आज डोळे उघडले नाहीत. रडायलाही नाही.

मला कळलंय काय करायचं. चांदीनं आत गेली, चांदीनंच येईल. पण खंडूजवळ राहता येईल अशा ठिकाणी येईल. त्याला कडेवर घेता येईल अशा.

पुण्याला आत्याला पत्र टाकावंसं वाटलं. काय लिहू?

८ मे

सकाळीच ह्यांना म्हटलं, माझ्या डोळ्यात सळई घाला. मोठ्यांसाठी जाड असते, पण सुरुवात बारकीनं करतात, म्हणून तीच घेतली. हे खूश झाले. इतके दिवस नको म्हणत होतीस म्हणाले. त्यांना काही सांगितलं नाही.

दवाखान्याच्या खुर्चीत बसले. खंडूला मांडीवर घेतला, त्याचा गाल माझ्या गालाला लावला. ह्यांना वाटलं पोराचा लळा. मनात म्हटलं, ये. त्याला सोड. माझ्यात जागा आहे.

सळई आत. हाडाला टेकली. मग खाली. कट् झालं. घशात पाणी उतरलं. खारट नव्हतं. ओव्याचं होतं, शेपेचं, उकळलेलं—

खंडू किंचाळला. दोन्ही डोळ्यांतून पाणी. धारा! गालावरून, हनुवटीवरून, माझ्या हातावर. रंगूबाई दारात होती, तिनं पदर तोंडाला लावला. माझ्या लेकराला रडता आलं. देवा, रडता आलं.

९ मे

खंडू दूध प्यायला. दुपटं ओलं केलं, तेही दोनदा. हे हसले.

माझा डोळा कोरडा. छान आहे, म्हणतात.

तहान आहे. थोडी.

११ मे

माठ रिकामा. रांजण रिकामा. हे बघत होते, मी तांब्यानं— पोट दुखत नाही, काही होत नाही. कुठे जातं?

दुपारी खंडूला झोपवताना गाणं म्हणत होते. मला ते गाणं येत नाही. रंगूबाईनं दाराबाहेरूनच ऐकलं. आत आली नाही. मैनेचं आहे म्हणाली.

१२ मे

मधले तास हरवतात. भाकरी थापलेल्या असतात, जाड, सटाण्याकडच्यासारख्या. मी थापलेल्या नाहीत. ह्यांनी आवडीनं खाल्ल्या. मग माझ्या तोंडाकडे बघून घास हातात तसाच—

ती वाईट नाही. खंडूला हळू धरते. माझ्यापेक्षा हळू.

लिहायला बसलं की मी मी असते. तिला लिहिता येत नाही. ‘म’च्या पुढे येत नाही. लेखणी हातात आहे तोवर मी गोदावरी आहे. म्हणून लिहितेय. काहीही. गुलाबाचे वाफे. पेरूची झाडं. पुण्याची मोरी.

१३ मे

सकाळपासून लेखणी सोडली नाही. हे मळ्यापलीकडे टांगा आणायला गेलेत, मला पुण्याला नेतो म्हणतात. उशीर करू नका हो.

खंडू दारात उभा आहे. धरल्याशिवाय उभा. किती दिवस वाट पाहिली. बोलला. आत्ता बोलला. आई नाही म्हणाला.

माय म्हणाला.

माझ्या तोंडानं ओ दिली. मी दिली नाही.

पडला. उंबऱ्यावर पडला, ओठ फुटलाय. रडतोय. खरं पाणी येतंय, भळाभळा, दोन्ही डोळ्यांतून. माझ्याकडेच बघतोय. हात पसरलेत. रंगूबाई, कुणी या, त्याला उचला. कुणी नाही. मी लिहितेय. मी गोदावरी. एका हातानं उचलता येत नाही त्याला, जड झालाय, चांगला जड झालाय. दोन्ही हात लागतात. लेखणी ठेवली तर— पण रडतोय हो. किती रडतोय. आले रे बाळा. आले. थांब, दोन्ही हा